निकाल उशिरा लागला तर

पेरणी वेळेवर केली, पण पाऊस लांबला, तर दोष शेतकऱ्याचा नसतो. नुकसान मात्र त्याचेच होते. विद्यार्थ्याचेही कधी कधी असेच होते. तो परीक्षा वेळेवर देतो, पण निकाल लांबतो. तेवढ्यात पुढच्या प्रवेशाची मुदत संपते. मग निकाल लागला, तरी ते वरातीमागून घोडे!

आपल्या खानदेशातील महाविद्यालये पूर्वी पुणे विद्यापीठाला जोडलेली होती. १५ ऑगस्ट १९९० रोजी जळगावला उत्तर महाराष्ट्र विद्यापीठ निघाले. २०१८ साली त्याला कवयित्री बहिणाबाई चौधरी यांचे नाव दिले. जळगाव, धुळे व नंदुरबार हे जिल्हे त्याच्याकडे आहेत. मुलगा तेथेच पुढे शिकला, तर अडचण थोडी. पण तो दुसऱ्या विद्यापीठात निघाला, की निकाल एकाच्या हाती आणि मुदत दुसऱ्याच्या हाती, असे होते.

यासाठी कायदा आहे. महाराष्ट्राच्या २०१६ च्या विद्यापीठ कायद्यात म्हटले आहे, की परीक्षा संपल्यावर ३० दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करावा, आणि फार तर ४५ दिवसांत तो लावावाच. तरी २०१७ साली मुंबई विद्यापीठाचे निकाल सप्टेंबरपर्यंत रखडले. उत्तरपत्रिका संगणकावर तपासण्याची नवी पद्धत घाईने आणली होती. मुलांनी उच्च न्यायालयात धाव घेतली. ऑक्टोबरात कुलगुरूंना पद सोडावे लागले. पण मुलांचे गेलेले दिवस परत आले नाहीत.

न्यायालय काय पाहते? दोन गोष्टी वेगळ्या आहेत, त्या नीट ध्यानात घ्या. मुलगा मुदतीआधी पास झाला आहे, फक्त दाखला हाती यायचा आहे, ही एक गोष्ट. निकालच लागलेला नाही, ही दुसरी. सर्वोच्च न्यायालयाने १९८० साली केरळातील डॉक्टरांच्या प्रवेशाच्या खटल्यात सांगितले, की पात्रता निराळी आणि तिचा पुरावा निराळा. पात्रता वेळेत मिळाली असेल, तर पुरावा थोडा मागून आला म्हणून हक्क बुडत नाही. पण १९९७ साली नोकरीच्या एका खटल्यात त्याच न्यायालयाने ठरवले, की अर्जाच्या शेवटच्या तारखेला ज्याचा निकालच लागला नव्हता, तो पात्र नव्हे. म्हणून "नंतर पाहू" असे म्हणू नये.

आम्ही मुख्याध्यापक असताना एक शेतकरी आमच्याकडे आला. म्हणाला, "गुरुजी, पोऱ्यानं अर्ज दिला होता. आता ते म्हणतात, मिळालाच नाही." आम्ही विचारले, "पोच घेतली का?" तो गप्प झाला. पोऱ्याचे वर्ष गेले. त्या एका कागदाची आठवण आम्हाला आजही टोचते.

तेव्हा एवढे करा. निकाल लागला नसला, तरी मुदतीच्या आत अर्ज द्या. निकाल बाकी आहे, हे त्यात स्पष्ट लिहा आणि तात्पुरता प्रवेश मागा. नियमात तशी सोय असेल, तर हमीपत्र लिहून द्यावे लागते. ते वाचल्याशिवाय सही करू नका. हमी दिल्याप्रमाणे निकाल आला नाही, तर प्रवेश रद्द होतो. प्रत्येक अर्जाची नक्कल ठेवा. तिच्यावर शिक्का, तारीख आणि सही घ्या. परीक्षा घेणाऱ्या विद्यापीठालाही लेखी कळवा.

एवढ्यानेही भागले नाही, तर उशीर न करता वकील गाठा. जळगाव-धुळ्याच्या अशा याचिका उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात चालतात. खर्चाची भीती वाटते ना? प्रत्येक जिल्ह्यात विधी सेवा प्राधिकरण असते. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना तेथे उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. इतर गरिबांनाही मिळतो.

आपण आज अक्षरे शिकत आहोत, ती यासाठीही. उद्या लेक अर्ज घेऊन घरी येईल, तेव्हा आईने विचारावे, "पोच कुठाय?" आणि तिच्यावरची तारीख स्वतः वाचून पाहावी.