चहामळ्यातली काळी उंटअळी : कूळ आणि मुलूख

शास्त्रीय नाव हायपोसिड्रा टलाका. 1860 मध्ये फ्रान्सिस वॉकरने ब्रिटिश म्युझियममधल्या नमुन्यांवरून वर्णन केले, तेव्हा ही जात लॅगायरा या प्रजातीत घातली होती. आज ती जिओमेट्रिडी कुळातल्या एनोमिनी उपकुळात मोडते. या कुळात सुमारे 23 हजार जाती असून एनोमिनी हे त्यातले सर्वांत मोठे उपकुळ.

कूळ ओळखायचे ते अळीवरून. पोटाखाली मांसल पायांच्या दोनच जोड्या, त्याही मागच्या टोकाला. म्हणून मधले अंग कमानीसारखे उचलत ती पुढे सरकते. सोयाबीनवरची हिरवी उंटअळीही कमान करते, पण तिला अशा तीन जोड्या असतात आणि ती नॉक्टुइडी या वेगळ्याच कुळातली. शेतकऱ्याने हा फरक जरूर पाहावा.

टलाकाच्या पतंगांत मादी नराहून मोठी. लखनौच्या विकास नगरात काय किंवा नाशकात काय, दिव्याजवळच्या भिंतीवर पंख सपाट पसरून बसलेला सडपातळ पतंग दिसला, तर तो याच कुळातला असण्याची शक्यता मोठी.

टलाकाचा मुलूख भारतापासून आग्नेय आशिया, न्यू गिनीमार्गे ऑस्ट्रेलियातल्या क्वीन्सलँडपर्यंत पोहोचतो. पेरू, कॉफी, कोको असे बरेच काही तिला चालते. आसाम आणि उत्तर बंगालच्या डुआर्समध्ये मात्र चहाची कोवळी पाने फस्त करणारी ती गंभीर कीड ठरली आहे. तिला रोगाने मारणारा एक विषाणू तिथल्याच मळ्यांत सापडला असून जैविक नियंत्रणासाठी त्याचा अभ्यास झाला आहे.