घरापुढील हिरवळ आणि गवताच्या बियांची निवड

हरळी ही शेतकऱ्याची जुनी वैरीण होय. रानात ती एकदा शिरली, की नांगराच्या प्रत्येक तासाबरोबर तिच्या खोडांचे तुकडे शेतभर पसरतात आणि तुकड्यातुकड्यातून नवे रोप उभे राहते. तीच हरळी दूर्वा या नावाने गणपतीच्या पूजेत मानाने येते. कर्नाटकात तिला गरिके म्हणतात आणि तेथेही तिला हाच मान आहे. घरापुढे हिरवळ करू इच्छिणारा मनुष्य बाजारात जाऊन चांगल्या गवताचे बी मागतो, तेव्हा बहुतेक वेळी त्याच्या अंगणास हेच गवत योग्य असते. परंतु पुष्कळदा तो पुडीवरील गडद हिरव्या चित्रास भुलतो व दुसरेच काही घेऊन परततो.

बियांची निवड ही रंगाची निवड नव्हे. ऊन, पाऊस, माती आणि पाणी या चार गोष्टींशी कोणत्या गवताचे जुळते, हे पाहणे म्हणजे निवड. ही गोष्ट स्पष्ट व्हावी म्हणून येथे बंगळूर शहराच्या पूर्वेकडील कृष्णराजपुरम या वस्तीचे उदाहरण घेतले आहे.

जागेची ओळख

के. आर. पुरम या संक्षिप्त नावाने परिचित असलेले कृष्णराजपुरम जुन्या मद्रास रस्त्यावर वसले आहे. पूर्वी त्याची स्वतंत्र नगरपालिका होती. २००७ साली ते बंगळूर महानगरात समाविष्ट झाले. बंगळूरचे पठार समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटर उंचीवर असल्यामुळे येथील हवा सौम्य आहे. एप्रिलमध्ये दिवसाचे तापमान सरासरीने ३४ अंश सेल्सिअसपर्यंत चढते, तर जानेवारीच्या रात्री ते १५–१६ अंशांपर्यंत उतरते. वर्षाकाठी ९५ ते १०० सेंटिमीटर पाऊस पडतो. एप्रिल-मेमध्ये वळीव, जूनपासून नैर्ऋत्य मोसमी पाऊस आणि ऑक्टोबरात ईशान्य मोसमी पाऊस असा त्याचा क्रम असून सप्टेंबर हा सर्वांत ओला महिना होय. जानेवारी व फेब्रुवारी मात्र जवळजवळ कोरडे जातात.

येथील माती तांबडी आहे. पट्टिताश्म अथवा नाइस या अतिप्राचीन खडकाची झीज होऊन ती बनली आहे. तिच्यातून पाणी लवकर निचरते. परंतु कुजलेल्या सेंद्रिय द्रव्याचा अंश तिच्यात थोडा असतो. नव्या घराभोवती तर या मातीत विटांचे तुकडे, चुना व सिमेंट मिसळलेले आढळते.

राहता राहिले ऊन. बंगळूर सुमारे १३ अंश उत्तर अक्षांशावर आहे. त्यामुळे डिसेंबरच्या २१–२२ तारखेस मध्यान्हीचा सूर्य दक्षिणेस क्षितिजापासून साधारण ५३ अंशांवर असतो, आणि १० मीटर उंच घराची सावली भर दुपारी उत्तरेकडे सुमारे साडेसात मीटर पडते. जूनमध्ये सूर्य डोक्यावरून थोडा उत्तरेस सरकलेला असतो. त्या वेळी त्याच घराची मध्यान्हीची सावली दक्षिणेकडे दोन मीटरही भरत नाही. म्हणून उत्तरेकडील अंगण जूनमध्ये पाहून जो गवत निवडतो, त्याची डिसेंबरमध्ये फसगत होते. अंगणात कोठे किती तास ऊन पडते, याची नोंद दोन्ही ऋतूंत करणे ही निवडीची पहिली पायरी होय.

गवतांचे दोन वर्ग

हिरवळीच्या गवतांचे ढोबळ मानाने दोन वर्ग पडतात. केंटकी ब्ल्यूग्रास, रायग्रास, फेस्क्यू व बेंट ही थंड प्रदेशांतील गवते साधारणपणे १५ ते २४ अंश तापमानात जोमाने वाढतात. हरळी, झोयसिया, कार्पेट ग्रास ही उष्ण प्रदेशांतील गवते २५ ते ३५ अंशांच्या दरम्यान उत्तम वाढतात.

हा भेद केवळ सवयीचा नाही. तो पानाच्या अंतर्रचनेतील आहे. वनस्पती हवेतील कर्बद्विप्राणिल वायू, म्हणजेच कार्बन डायऑक्साइड, शोषून अन्न तयार करतात. थंड प्रदेशांतील गवतांत, तसेच गहू व भात यांत, या क्रियेत प्रथम तीन कार्बन अणूंचा पदार्थ तयार होतो. हवा तापली म्हणजे या वनस्पतींतील वायू पकडणारे विकर अधिकाधिक चुका करू लागते; कर्बद्विप्राणिलाऐवजी ते प्राणवायू पकडते आणि साठविलेल्या अन्नाचा काही भाग वाया जातो. ऊस, ज्वारी, मका आणि हरळी यांच्यात मात्र प्रथम चार कार्बन अणूंचा पदार्थ तयार होतो. त्याच्या साहाय्याने वायू पानाच्या आतील पेशींत दाटीने साठविला जातो, त्यामुळे ही चूक फारशी घडत नाही. उसाच्या पानांतील या मार्गाचे स्पष्टीकरण हॅच व स्लॅक या शास्त्रज्ञांनी ऑस्ट्रेलियात १९६६ साली प्रसिद्ध केले. या मार्गाचा दुसरा लाभ पाण्याचा आहे. तितकेच वाळलेले वजन निर्माण करण्यास या वनस्पतींना पहिल्या वर्गाच्या मानाने साधारण निम्मेच पाणी पुरते.

बंगळूरची हवा थंड, हा लौकिक येथेच घात करतो. नोव्हेंबरमध्ये पेरलेले रायग्रास आठदहा दिवसांत उगवते आणि डिसेंबरात अंगण गडद हिरवे दिसू लागते. मालकास आपली निवड अचूक ठरली असे वाटते. मार्च उजाडताच पाती पिवळी पडू लागतात, मुळांची वाढ खुंटते आणि एप्रिलमध्ये मोकळ्या मातीचे चट्टे दिसू लागतात. येथे बियांत दोष नसतो. ते चुकीच्या देशात पेरलेले असते. अमेरिकेच्या दक्षिण भागात हिवाळ्यात हरळी तपकिरी पडते, तेव्हा तिच्यावर रायग्रास मुद्दाम विखुरतात. परंतु ते एका ऋतूचे पाहुणे आहे, हे जाणूनच.

उष्ण प्रदेशांतील गवते

हरळीचे शास्त्रीय नाव सायनोडॉन डॅक्टिलॉन असे आहे. तिच्या तुऱ्यास हाताच्या बोटांसारख्या तीन ते सहा शाखा फुटतात, त्यावरून हे नाव पडले. इंग्रजीत तिला बर्म्युडा ग्रास म्हणत असले, तरी ती मूळची जुन्या जगातील आहे. जमिनीवरून धावणारी व जमिनीखालून सरकणारी अशी दोन्ही प्रकारची खोडे तिला असतात. म्हणून ती तुडविणे, कापणे व कोरड पडणे सहज सोसते. मात्र तिला ऊन भरपूर हवे. दिवसाकाठी सहा ते आठ तास थेट ऊन नसेल, तर ती विरळ होऊन उंच व अशक्त वाढते.

हरळीच्या बारीक पात्याच्या संकरित जातींविषयी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. अमेरिकेत टिफ्टन येथे ग्लेन बर्टन यांच्या संशोधनातून निघालेली व १९६० साली प्रसृत झालेली टिफवे ही जात या प्रकारची आहे. हरळीची ३६ आणि आफ्रिकेतील तिच्या एका आप्त जातीची १८ गुणसूत्रे. त्यांच्या संकरास १८ व ९ मिळून २७ गुणसूत्रे येतात. या विषम संख्येच्या जोड्या जुळत नाहीत, म्हणून हे गवत बी धरीत नाही. त्याची लागवड खोडांच्या तुकड्यांनीच करावी लागते. अशा जातीचे नाव छापून कोणी बी विकत असेल, तर पुडीत काहीतरी वेगळे आहे हे निश्चित समजावे.

झोयसिया हे गवत मखमलीसारखे दाट असून ते थोडी सावली सहन करते; परंतु त्याची वाढ अतिशय मंद असते. जमीन झाकण्यास त्यास एक संपूर्ण वर्षही लागू शकते, आणि तोवर तण काढण्याचे काम चालूच राहते. तेही बहुधा तुकड्यांनीच लावतात. रुंद पात्याचे कार्पेट ग्रास झाडाखालच्या अर्धवट सावलीत चांगले वाढते, पण कोरड पडली की लवकर मान टाकते. रोपवाटिकांत एकच नाव वेगवेगळ्या गवतांना दिलेले आढळते. यासाठी शास्त्रीय नाव विचारून घेणे हिताचे.

पाण्याचा हिशेब

बंगळूरमध्ये तीस फूट रुंद व चाळीस फूट लांब हे घराच्या जागेचे नेहमीचे माप आहे. घर बांधून झाल्यावर त्यात फार तर २५ चौरस मीटर जागा हिरवळीस उरते. कडक उन्हाळ्यात थंड प्रदेशांतील गवतास रोज सुमारे ५ मिलिमीटर पाणी द्यावे लागेल असे धरू. एका चौरस मीटरवर एक मिलिमीटर पाणी म्हणजे एक लिटर. म्हणून २५ चौरस मीटरास रोज १२५ लिटर पाणी लागेल. शहरातील एका माणसाच्या सर्व दैनंदिन गरजांसाठी धरले जाणारे प्रमाण १३५ लिटर आहे. म्हणजे एवढीशी हिरवळ घरातील आणखी एका माणसाइतके पाणी पिते. हरळीस त्याच दिवसांत साडेतीन मिलिमीटर, म्हणजे सुमारे ८८ लिटर पुरतात. आणि मुळीच दिले नाही, तरी ती मरत नाही. पाती वाळतात, खोडे जमिनीत जिवंत राहतात व पहिल्या पावसाने पुन्हा फुटतात.

या हिशेबाचे महत्त्व २०२४ साली प्रत्ययास आले. बंगळूरला कावेरीचे पाणी सुमारे शंभर किलोमीटरांवरून, जवळजवळ पाचशे मीटर उंच चढवून आणावे लागते. शहराच्या बाहेरील वस्त्या मोठ्या प्रमाणावर विंधनविहिरींवर व टँकरवर अवलंबून होत्या. त्या वर्षी विहिरी आटल्या, आणि मार्च महिन्यात पाणीपुरवठा मंडळाने बागांसाठी पिण्याचे पाणी वापरण्यास बंदी घालून ५,००० रुपये दंड ठरविला. अशा वेळी रोज पाणी मागणारे गवत व वाट पाहू शकणारे गवत यांतील फरक हा केवळ शोभेचा प्रश्न राहत नाही.

पुडीवरील मजकूर

गवत निश्चित झाले, म्हणजे बी पारखावे. पुडीवर जातीचे नाव, शुद्धतेचे प्रमाण, उगवणीचे प्रमाण आणि चाचणीची तारीख या चार गोष्टी असाव्यात. शुद्धता ९५ टक्के व उगवण ८० टक्के असेल, तर दोहोंच्या गुणाकाराने केवळ ७६ टक्के माल खऱ्या उपयोगाचा ठरतो. २५ चौरस मीटरांस १५० ग्रॅम जिवंत बी हवे असल्यास असे बी सुमारे २०० ग्रॅम घ्यावे लागेल. हरळीचे बी फारच बारीक असते. एका किलोग्रॅममध्ये तीसचाळीस लाख दाणे भरतात, तर रायग्रासचे पाच लाखांच्या आसपास. म्हणूनच हरळीस चौरस मीटरास ५ ते १० ग्रॅम पुरतात. तिचे बी सालीसकट व साल काढून अशा दोन प्रकारांनी मिळते. साल काढलेले लवकर उगवते.

उगवणीची परीक्षा शाळेतही करता येते. ओल्या टिपकागदावर १०० दाणे मांडून ते झाकून उबदार जागी ठेवावेत, कागद ओला राखावा आणि तीन आठवड्यांत किती दाण्यांना मोड आले ते मोजावे. ती संख्या म्हणजेच उगवणीची टक्केवारी.

शुद्धतेकडे दुर्लक्ष केल्यास काय होते, याचे उदाहरण गाजरगवताने घालून दिले आहे. आयात धान्यातून आले असे मानले जाणारे हे तण १९५० नंतरच्या दशकात पुण्यात नजरेस आले आणि पुढे देशभर पसरले. बंगळूरच्या मोकळ्या जागांतही ते आज सर्वत्र दिसते.

पेरणी

मे महिन्यात जमीन २० ते २५ सेंटिमीटर खोल खणून विटांचे तुकडे काढावेत आणि कुजलेले खत मिसळावे. नंतर पाणी देऊन तण उगवू द्यावे व ते समूळ काढावे. विशेषतः लव्हाळ्याच्या गाठी मातीत राहू देऊ नयेत. जमिनीस घरापासून दूर असा किंचित उतार द्यावा. जूनच्या आरंभीच्या हलक्या पावसात बी पेरावे. सप्टेंबरच्या मुसळधार सरींत इतके बारीक बी वाहून जाते, आणि डिसेंबरच्या थंड मातीत हरळी नीट उगवत नाही.

बी कोरड्या वाळूत मिसळून निम्मे उभे व निम्मे आडवे फेकावे, म्हणजे ते सारखे पडते. त्यावर अर्ध्या सेंटिमीटरपेक्षा अधिक माती घालू नये. पहिले दोनतीन आठवडे पाऊस नसल्यास दिवसातून दोनदा झारीने हलके पाणी द्यावे. पुढे पाणी क्वचित पण भरपूर द्यावे, म्हणजे मुळे खोल जातात. गवताचा वाढीचा बिंदू जमिनीलगत असतो, म्हणूनच ते कापणे सोसते. तरीही एका वेळी पात्याच्या एकतृतीयांशाहून अधिक भाग कापू नये.

याप्रमाणे ज्या अंगणात दिवसभर ऊन आहे, तेथे हरळी. जेथे अर्धवट सावली आहे व पाणी आहे, तेथे कार्पेट ग्रास. जेथे थोडी सावली आहे आणि मालकाकडे धीर आहे, तेथे झोयसिया. जेथे ऊन नाही आणि पाणीही नाही, तेथे गवताचा हट्ट सोडून सावलीतील झुडपे लावावीत व जमीन पाणी मुरण्यास मोकळी ठेवावी. हरळी लावणाऱ्याने मार्चमध्ये ती तपकिरी झालेली पाहून घाबरू नये व ती उपटून नवे बी आणण्यास धावू नये. एप्रिलचा वळीव पडला, की आठवड्याभरात ती पुन्हा हिरवी होते.