संगणकाने घेतलेले सोंग

कोकणातल्या जुन्या घराचा माळा ही एक स्वतंत्र संस्थाच असते. तिथे काही टाकले जात नाही, ठेवले जाते. मोडका पाळणा, कल्हई उडालेली भांडी, चाकरमान्यांच्या पत्र्याच्या ट्रंका, काच फुटलेले कंदील, कुणाच्या तरी मॅट्रिकची पुस्तके. १९९० नंतरच्या दशकात या सामानात एका नव्या वस्तूची भर पडली. करड्या-पांढऱ्या प्लास्टिकचा एक डबा, त्याला वायरने बांधलेले दोन रिमोट, एक बंदूक आणि वहीएवढ्या खोक्यात चार-पाच जाडजूड कॅसेटी. टीव्हीला जोडायचा व्हिडिओ गेम! मालवण, देवगड, वेंगुर्ले, कुठल्याही गावात जा. ज्या घरात त्या काळी शाळकरी मुले होती, त्या घराच्या माळ्यावर हा डबा अजून सापडण्याची शक्यता आहे.

हे डबे बहुधा गणपतीला किंवा मे महिन्यात मुंबईहून येत. काही मनीष मार्केटमधून, काही आखातातून. समुराय, लिटल मास्टर, मीडिया अशी त्यांची नावे असत. आत मात्र एकाच जपानी यंत्राची नक्कल होती. मासायुकी उएमुरा या अभियंत्याच्या हाताखाली तयार झालेला ‘फॅमिकॉम’ निन्टेंडो कंपनीने १५ जुलै १९८३ रोजी जपानात बाजारात आणला. त्याच्या नकला आशियातल्या कारखान्यांत निघाल्या आणि अर्ध्या जगात पसरल्या. आपल्याकडे निन्टेंडो हे नाव फार थोड्यांना ठाऊक होते. आपल्या मुलांना ठाऊक होते ते मारिओ, कॉन्ट्रा आणि बदके मारायचा खेळ.

कॅसेटीवर ‘९९९९९९ इन वन’ असे छापलेले असे. मी तेव्हा बँकेत अधिकारी होते. एकदा हिशेब तपासायच्या सवयीने त्या यादीतून फिरले. दहा-बारा खेळ आणि पुन:पुन्हा तीच नोंद, फक्त नाव बदलून! एवढ्या उघड दुबार नोंदी मी कुठल्याही खातेवहीत पाहिल्या नव्हत्या. मुलांची मात्र काही तक्रार नव्हती.

आता हे डबे चालत नाहीत. खाऱ्या वाऱ्याने कॅसेटीच्या तांब्याच्या पट्ट्या हिरव्या पडल्या आहेत, रिमोटच्या आतले रबर चिकट झाले आहे, आणि ज्या टीव्हीला ते जोडायचे तो टीव्हीच घरातून गेला आहे. मस्कतला असलेला माझा पुतण्या गेल्या गणपतीत आला, तेव्हा त्याने माळ्यावरून आमचा डबा काढला, उघडून पाहिला आणि म्हणाला, “काकी, ह्या यंत्र मेला. पण खेळ मराक नाय. तो तुझ्या कॉम्प्युटरवर चालतलो.”

हे कसे, ते समजून घ्यायला मला दोन दिवस लागले. समजले ते असे.

‘एम्युलेटर’ नावाचा एक प्रोग्रॅम असतो. त्याला मराठी शब्द शोधायला मला दूर जावे लागले नाही. आमच्या जिल्ह्यात दशावतार आहे. दशावतारातला नट रंगून बाहेर आला की तो गावातला अमुक-तमुक राहत नाही. स्त्रीपार्टी करणारा पुरुष चालतो, बसतो, पदर सावरतो तो बाईसारखाच. समोरचा राजा त्याला राणी समजूनच बोलतो आणि नाटक पुढे सरकते. एम्युलेटर म्हणजे संगणकाने घेतलेले हेच सोंग. आजचा संगणक १९८३ सालचे यंत्र होऊन बसतो. जुना खेळ त्याला विचारतो, “डावीकडचे बटन दाबले आहे का?” संगणक जुन्या यंत्राच्या भाषेत उत्तर देतो, “होय.” खेळाला शंकाही येत नाही.

सोंग वठवायचे तर मूळ पात्र बारकाईने ठाऊक हवे. त्या जपानी यंत्राचा मेंदू सेकंदाला सुमारे अठरा लाख ठोक्यांनी चालत असे. त्याची कामापुरती स्मरणशक्ती फक्त दोन किलोबाइट, म्हणजे दोन हजार अठ्ठेचाळीस अक्षरे. माझ्या एका प्रकरणाचे पहिले पानही त्यात धड मावणार नाही. १९८५ साली आलेला सबंध ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ चाळीस किलोबाइटचा. मोबाइलवर लग्नाचा एक फोटो येतो तो त्याच्या कितीतरी पट मोठा असतो. त्या एवढ्याशा जागेत ढग, झुडपे, किल्ले, संगीत, सगळे बसवलेले. जागा वाचवण्यासाठी ढगाचे चित्र आणि झुडपाचे चित्र एकच ठेवले आहे, फक्त रंग वेगळा. हे पुतण्याने दाखवले तेव्हा त्या कारागिरांविषयी मला आदर वाटला. एकाच लुगड्यात दोन सणांची वेळ निभावणाऱ्या बायका मी पाहिल्या आहेत.

बसवण्याचे काम अवघड नाही. प्रोग्रॅम फुकट मिळतो. आम्ही ‘रेट्रोआर्क’ नावाचा घेतला. मग खेळाची फाइल लागते. पुतण्या आमच्या कॅसेटी मस्कतला घेऊन गेला, एका लहानशा यंत्रात घालून त्यांतला मजकूर त्याने उतरवून घेतला आणि मला पाठवला. कोणते बटन म्हणजे कोणती कळ, ते एकदा ठरवावे लागते. मी कचरत होते, तर फोनवरून म्हणाला, “दाब गो, काय मोडूचा नाय.” चित्र जुन्या टीव्हीसारखे चौकोनी ठेवायचे की रुंद ताणायचे, हेही विचारले जाते. ताणू नये. मारिओ जाडा दिसतो.

खेळ सुरू झाला, गाणे वाजले आणि फोनवर पलीकडे शांतता. मग तो म्हणाला, “काकी, गाणा घाईत आसा.” मला काही कळेना. कारण त्यानेच शोधले. जपान-अमेरिकेतल्या टीव्हीवर चित्र सेकंदाला साठ वेळा बदलत असे, आपल्याकडे पन्नास वेळा. नकली डबे पन्नासच्या टीव्हीवर चालत, म्हणून आपल्या मुलांनी ऐकलेले गाणे मुळापेक्षा संथ होते. गंमत अशी की एम्युलेटरमध्ये याचीही सोय आहे. रशियात १९९२ पासून ‘डेंडी’ नावाची अशीच नक्कल विकली जात होती. तिचे नाव दिलेला एक पर्याय यादीत असतो. तो निवडला आणि गाणे आमच्या ओटीवरच्या चालीने वाजू लागले. कुणीतरी अस्सलाबरोबर नकलेचीही नोंद ठेवली होती. कोट्यवधी मुलांचे बालपण नकलेवरच गेले असेल, तर त्यांच्यापुरती तीच अस्सल.

एक गोष्ट मात्र सोंगात उतरत नाही. बदकांची बंदूक. आम्हाला वाटायचे बंदुकीतून काही निघते. प्रत्यक्षात बंदूक फक्त पाहत असे. घोडा दाबला की पडदा क्षणभर काळा होई आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटे. तो उजेड बंदुकीच्या नळीतल्या डोळ्याला दिसला तर नेम लागला. हे सगळे जुन्या काचेच्या टीव्हीच्या वेगावर बेतलेले होते. आजचा सपाट पडदा चित्र दाखवायला किंचित उशीर करतो, तेवढ्यात बंदूक आंधळी होते. एम्युलेटरवर बदके माउसने मारावी लागतात. पलंगावर पालथे पडून, एक डोळा मिटून नेम धरण्याची मजा गेली ती गेली.

बँकेत आयुष्य काढलेल्या माझ्यासारखीला आणखी एका गोष्टीचे नवल वाटले. एम्युलेटर हा खेळासाठी जन्मलाच नाही. तो हिशेबासाठी जन्मला. आयबीएम कंपनीने १९६४ साली ‘सिस्टिम ३६०’ ही नवी मालिका जाहीर केली. गिऱ्हाइकांनी त्याआधीच्या ‘१४०१’ यंत्रासाठी लिहून घेतलेले हिशेबाचे प्रोग्रॅम वाया जाणार असतील, तर नवे यंत्र घेणार कोण? म्हणून नव्या यंत्राला जुन्याचे सोंग घेता येईल अशी व्यवस्था केली आणि तिला हे नाव मिळाले. आपल्याकडे रंगराजन समितीचा अहवाल १९८४ मध्ये आला आणि पुढे शाखांतून लेजर पोस्टिंगची यंत्रे आली. ती गेली, दुसरी आली, मग सगळ्या शाखा एका मोठ्या संगणकाला जोडल्या गेल्या. मी होते त्या शाखेत एका जुन्या खात्याचा वाद निघाला तेव्हा फ्लॉपी होत्या, पण त्या वाचणारे यंत्र नव्हते. शेवटी १९७० सालचे कापडी बांधणीचे लेजर कामाला आले. शाई फिकट होती, पण वाचता येत होती. कागदाला सोंगाची गरज नसते. यंत्रावर लिहिलेल्या प्रत्येक गोष्टीला ती आज ना उद्या पडते.

खेळांच्या बाबतीत तर ही निकड मोठी आहे. अमेरिकेतल्या ‘व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशन’ने २०२३ मध्ये पाहणी केली. तिथे २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात रीतसर विकत मिळत नाहीत. आपल्या गावागावातल्या पार्लरमध्ये ‘मुस्तफा’ नावाचा खेळ होता, आठवतो? पिवळी टोपी घातलेला मुस्तफा उडी मारून लाथ घालायचा. खेळाचे खरे नाव ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’, कॅपकॉम कंपनीचा, १९९३ सालचा. मूळ चित्रकथेचा मालक एक, मोटारीच्या नावाचा दुसरा, खेळाचा तिसरा. कॅपकॉमने २०१८ मध्ये असे जुने मारामारीचे खेळ एकत्र करून पुन्हा विकायला काढले, तेव्हा मुस्तफा त्यात नव्हता. याच कंपनीच्या पुढच्या काळातल्या पार्लरच्या यंत्रांत एक लहान बॅटरी असे. नक्कल होऊ नये म्हणून खेळाची किल्ली तिच्या जिवावर ठेवलेली. बॅटरी संपली की खेळ कायमचा मुका. इटलीच्या निकोला साल्मोरिया यांनी १९९७ मध्ये ‘मेम’ हा पार्लरच्या यंत्रांसाठीचा एम्युलेटर सुरू केला. पुढे जगभरच्या हौशी लोकांनी पगाराविना ही कुलुपे एकेक करून उघडली.

यावर कायदा काय म्हणतो, हे मी विचारल्याशिवाय राहणार नव्हते. एम्युलेटर बनवणे हा गुन्हा नाही. सोनी कंपनीने ‘कनेक्टिक्स’वर भरलेल्या खटल्यात अमेरिकेच्या अपील न्यायालयाने २००० साली तसा निकाल दिला. प्रश्न असतो खेळाच्या प्रतीचा. आपल्या कॉपीराइट कायद्यात १९८४ च्या दुरुस्तीने संगणकाचे प्रोग्रॅम आले आणि ज्याच्याकडे कायदेशीर प्रत आहे त्याला नुकसानीपासून बचाव म्हणून प्रत काढून ठेवण्याची मुभा कायदा देतो. पण मनीष मार्केटच्या कॅसेटी मुळात परवान्याच्या नव्हत्या. पुतण्या हसला, “काकी, तीस वर्सांनी निन्टेंडो मालवणात येतलो काय?” मी म्हटले, “येवचो नाय. पण माझी सही पन्नास रुपयांच्या व्हाउचरवरही नियम बघूनच होई.” तेव्हा पुण्याला असलेल्या माझ्या मुलाने मार्ग काढला. कॉन्ट्राची मालक कंपनी कोनामी हिने २०१९ मध्ये जुने कॉन्ट्रा एकत्र करून संगणकासाठी रीतसर विकायला काढले आहेत. त्याने ते विकत घेतले. त्यातही खेळ चालतो तो एम्युलेटरच्याच जोरावर.

आता जे सांगते ते घरचे आहे, पण कोकणात घरोघरचे आहे. माझा मुलगा आणि हा पुतण्या, दोघे चुलतभाऊ, एका ताटात जेवलेले. घराच्या आणि कलमांच्या वाटणीवरून सहा वर्षे एकमेकांशी बोलत नव्हते. गणपतीला आले तरी वेगवेगळ्या दिवशी. दोघांचाही निरोप माझ्यामार्फत. हा कॉन्ट्रा नेटवरून दोघांना एकत्र खेळता येतो, हे कळल्यावर मी दोघांनाही वेगवेगळे सांगितले, “मला बघायचंय, दाखवा.”

एका रविवारी ते खेळले. एक मस्कतला, एक पुण्याला, मी मालवणात पडद्यासमोर. कॉन्ट्रात एक धबधबा आहे. दोघांनी बरोबर चढायचे असते. एक जण भराभर वर गेला की पडदा वर सरकतो आणि मागे राहिलेला खाली पडून मरतो. लहानपणी यावरून आमच्या ओटीवर रडारड ठरलेली असे. त्या दिवशी वीस मिनिटांत दोघे खेळाशिवाय एक शब्द बोलले नाहीत. “थांब.” “उडी मार.” “आता ये.” धबधब्याखाली एक जण तीनदा पडला. चौथ्या वेळी वरचा थांबला.

वाटणी अजून झालेली नाही. सातबारा तसाच आहे आणि कागद वकिलाकडेच आहेत. तरी आता दर पंधरा दिवसांनी ते खेळतात आणि माझ्याकडून जाणारे निरोप कमी झाले आहेत. यंत्राने भांडण मिटवले असे मी म्हणणार नाही. भांडण मिटवायला माणसेच लागतात. पण दोघांनी एका जागी बसायला काहीतरी निमित्त लागते आणि अशी निमित्ते आपण माळ्यावर गंजत ठेवतो.

माझा नातू आठ वर्षांचा. त्याला या खेळात एक सोय फार आवडते. कुठेही थांबायचे, तिथली स्थिती जपून ठेवायची, मेलो तर पुन्हा तिथूनच. आमच्या मुलांना ही चैन नव्हती. जेवायला बोलावले तर यंत्र चालू ठेवून वर टॉवेल टाकत, आणि तेवढ्यात लाइट गेली की सात किल्ले पार केलेला मारिओ पुन्हा पहिल्या पायरीवर. नातवाला हे ऐकून खूप वाईट वाटले. मला वाटते, आमची मुले त्यातून काही शिकली असतील. पण नातवाला पुन:पुन्हा प्रयत्न करताना पाहते, तेव्हा तोही काही शिकतोच आहे.

तुमच्या माळ्यावर असा डबा असेल तर भंगारवाल्याला देण्याआधी एकदा खाली काढा. रिमोटमध्ये किंवा बंदुकीत बॅटऱ्या राहिल्या असतील तर काढून टाका. कॅसेटीत फुंकर मारू नका. आम्ही सगळ्यांनी मारली, पण तोंडाच्या ओलाव्याने पट्ट्या आणखी गंजतात. औषधाच्या दुकानातले आयसोप्रोपिल अल्कोहोल कापसाच्या काडीला लावून हळूच पुसा. कोरड्या डब्यात ठेवा. आणि एका चिठ्ठीवर लिहा, कुणी आणला, कोणत्या साली, कोण कोण खेळले.

दशावतारी कंपनीचा एक पेटारा असतो. सगळी सोंगे त्यात. नट बदलतात, म्हातारे होतात, जातात. पेटारा मात्र गावोगाव फिरत राहतो आणि रंगायच्या आधी त्याची पूजा होते. पूजा यासाठी, की तो जपला तर पुढच्या जत्रेला पुन्हा खेळ उभा राहतो.