सनद नसलेली बातमी : समाजमाध्यमे आणि सीमाभागातील शिक्षक

जेफ ऑर्लोवस्की या अमेरिकन माहितीपटकाराने हिमनद्या व प्रवाळ यांच्या ऱ्हासावरील माहितीपटांनंतर २०२० मध्ये ‘द सोशल डायलेमा’ हा समाजमाध्यमांवरील माहितीपट केला. गूगल, फेसबुक, ट्विटर आदी कंपन्यांत पूर्वी काम केलेल्या तंत्रज्ञांच्या मुलाखती हा त्याचा गाभा आहे. त्याचे प्रतिपादन असे : वापरणाऱ्याचे लक्ष जाहिरातदाराला विकणे हा या कंपन्यांचा व्यवसाय आहे. म्हणून ते लक्ष अधिक काळ धरून ठेवणारा मजकूर संगणकीय प्रणाली पुढे आणते. भीती व संताप हे काम लवकर करतात. हे विवेचन मोलाचे आहे. मात्र बिदर-कलबुर्गी सीमाभागातील अनुभव त्यात पूर्णपणे सामावत नाही.

मुरकीची घटना

१३ जुलै २०१८ रोजी बिदर जिल्ह्यातील औराद परिसरात हैदराबादहून आलेल्या तरुणांपैकी एकाने शाळकरी मुलांना चॉकलेटे दिली. मुले पळविणाऱ्या टोळ्यांची अफवा तेव्हा जोरात होती. गावकऱ्यांना संशय आला. तरुण मोटारीतून निघाले, पण व्हॉट्सअ‍ॅपवरील संदेश त्यांच्या आधी मुरकी गावी पोहोचला. तेथे जमावाच्या मारहाणीत एक संगणक अभियंता ठार झाला. त्याचे सोबती आणि वाचविण्यास गेलेले पोलीसही जखमी झाले. त्याआधी १ जुलैला धुळे जिल्ह्यातील राईनपाडा येथे नाथपंथी डवरी गोसावी समाजातील पाच जणांचा अशाच अफवेने बळी घेतला होता.

व्हॉट्सअ‍ॅपच्या खासगी गटात कोणता संदेश वर दाखवावा हे प्रणाली ठरवीत नाही. तो माणूसच पुढे पाठवितो. मामाने, शेजाऱ्याने किंवा वर्गमित्राने पाठविला, एवढ्यावर तो खरा मानला जातो. त्या काळात फिरलेली एक चित्रफीत मुळात कराचीतील बालसुरक्षेच्या जनजागृतीसाठी तयार केलेली होती. मूल सुखरूप परत येते तो शेवटचा भाग कापून ती भारतात पसरली.

खरी मोहोर, खोटे पत्र

बिदरला हा धोका नवा नाही. १४७२ मध्ये येथे मदरसा उभारणारे बहामनी वजीर महमूद गावान यांना १४८१ मध्ये देहदंड झाला. विरोधकांनी त्यांची मोहोर कोऱ्या कागदावर उमटवून घेतली व त्यावर ओडिशाच्या राजाला उद्देशून राजद्रोही पत्र लिहिले. मोहोर खरी होती, मजकूर खोटा होता. सुलतानाने शहानिशा केली नाही. आज पाठविणाऱ्याचे ओळखीचे नाव हीच मोहोर आहे.

सनद आणि मतन

बातमी आणणाऱ्याची विश्वासार्हता संशयास्पद असेल तर तिची शहानिशा करावी, अशी शिकवण सूरह हुजुरातच्या सहाव्या आयतीत आहे. हदीसच्या अभ्यासकांनी याचे शास्त्र केले. कोणी कोणाकडून ऐकले ती साखळी म्हणजे सनद. प्रत्येक रावीची सचोटी व स्मरणशक्ती तपासली जाई. मग मजकूर, म्हणजे मतनही, पारखले जाई. पुढे पाठविलेल्या संदेशात यातील पहिलीच गोष्ट हरवते : फक्त शेवटचा रावी दिसतो. कंपनीने जुलै २०१८ मध्ये भारतात एक संदेश एका वेळी पाच ठिकाणीच पाठविता येईल अशी मर्यादा जाहीर केली. एप्रिल २०२० पासून अनेकदा पुढे गेलेला संदेश एका वेळी एकाच ठिकाणी पाठविता येतो. यामुळे वेग घटतो, परंतु हरवलेली सनद परत येत नाही.

वर्गात काय करता येईल

औराद, भालकी, बसवकल्याण, आळंद या तालुक्यांत विद्यार्थ्यांच्या कानी मराठी, कन्नड, उर्दू व दखनी पडते. घरातील वडीलधाऱ्यांना संदेश वाचून दाखविणारे व भाषांतर करून सांगणारे अनेकदा तेच असतात. म्हणजे तेच रावी असतात. शिक्षकाने एखादा निरुपद्रवी संदेश घेऊन तो कोणाला कोणाकडून मिळाला हे फळ्यावर उलट क्रमाने लिहून घ्यावे. साखळी बहुधा दोन-तीन नावांतच तुटते. त्यानंतर तारीख, ठिकाण आणि चित्रफितीचा मूळ स्रोत शोधण्यास सांगावे. भाषांतरात काय बदलले तेही ताडून पाहावे.

समाजमाध्यमांच्या व्यवसायाला आवर घालणे हे कायद्याचे काम आहे. सनद तुटलेला संदेश आपल्या नावाने पुढे न पाठविणे एवढे मात्र प्रत्येक विद्यार्थ्याच्या हाती आहे. मुरकीच्या त्या संध्याकाळी कोणाचा तरी जीव तेवढ्यावर अवलंबून होता.