लिव्हरपूलचा भाव, पारनेरचं कर्ज

1861 साली अमेरिकेत यादवी पेटली आणि ब्रिटनच्या गिरण्यांना लागणारा अमेरिकी कापूस अडला. गिरण्यांची नजर मुंबईकडे वळली आणि दख्खनमध्ये पैसा खेळू लागला. कापूस, धान्य, मजुरी, गाडीभाडं, सगळ्यांचेच दर चढले. नगर जिल्ह्यातला आपला पारनेर-श्रीगोंद्याचा टापू काही कापसाचं आगर नव्हता, पण सावकाराचा हात इथेही सैल सुटला. 1865मध्ये युद्ध संपलं, लिव्हरपूलच्या बाजारात कापसाचे भाव कोसळले. त्याच सुमारास जमीनमहसुलाच्या बंदोबस्ताची मुदत संपलेल्या तालुक्यांत सरकारने सारा वाढवला. सावकाराने हात आखडला, वसुली मात्र सोडली नाही. देशोदेशीच्या आर्थिक संकटांबद्दल जे जे वाचलं, त्याचा सांगाडा मला या दहा वर्षांत दिसतो.

12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला बाजाराच्या दिवशी सावकारांविरुद्ध शेतकऱ्यांच्या दंग्यांची ठिणगी पडली आणि काही दिवसांत लोण नगर जिल्ह्यात पसरलं. या दंग्यांचं वेड मला फार जुनं आहे. पारनेरच्या पेठेतून हिंडताना जुने वाडे दिसले की डोक्यात तेच येतं. लोकांना हवी होती ती खतं, रोखे आणि हुकूमनामे. सावकाराने कागद मुकाट्याने दिले तर जमाव बहुतेक ठिकाणी अंगाला हात न लावता निघून जाई. कागद मात्र जाळले जात.

कागदच का? 1859च्या कायद्याने कर्जरोख्याची मुदत तीन वर्षांची केली होती, व्याज साचू नये म्हणून. सावकाराने दर तीन वर्षांनी नवं खत करून घ्यायला सुरुवात केली. समजा, शंभर रुपये कर्ज आणि महिना दोन टक्के व्याज. तीन वर्षांत व्याज 72 रुपये. नवं खत 172चं, आणि आता तेच मुद्दल. आणखी तीन वर्षांनी आकडा 295 रुपयांच्या पुढे. मधे कुळाने धान्य दिलं, रोकड दिली, तरी पावती नाही. अंगठा मात्र दर वेळी घेतलेला. शेतकऱ्याच्या रक्षणासाठी केलेला कायदाच त्याच्या गळ्याचा फास झाला. बाजारभाव पडल्याने माणूस वाकतो. मोडतो तो या अशा फुगलेल्या मुद्दलाने.

म्हणून 1879चा दख्खन कृषक कर्जनिवारण कायदा मला फार मोठा वाटतो. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांसाठी तो झाला. न्यायाधीशाला खतावरच्या आकड्यापाशी न थांबता कर्जाचा सगळा पूर्वेतिहास उकरण्याचा अधिकार मिळाला. कर्जापायी तुरुंगवास बंद झाला, पावत्या देणं सावकाराला बंधनकारक झालं. उणीवही होती: सावकार कर्ज देईनासे झाले, किंवा गहाणाऐवजी खरेदीखत लिहून घेऊ लागले. जुनं कर्ज निस्तरलं, तरी नवा पैसा कुठून आणायचा? ब्रिटिश अधिकारी वेडरबर्न आणि न्यायमूर्ती रानडे यांनी पुरंदर तालुक्यासाठी शेतकी बँकेची योजना मांडली, ती लंडनने मानली नाही. सहकारी पतसंस्थांचा कायदा 1904मध्ये आला. पुढे 1950मध्ये विठ्ठलराव विखे पाटलांनी लोणीला शेतकऱ्यांचा साखर कारखाना उभा केला, तेव्हा त्याचे अध्यक्ष झाले अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ. सावकारीचा पुरता अभ्यास असलेला माणूस तिथे बसला, याला मी योगायोग मानत नाही.

आर्थिक संकटाचा तडाखा सोसायची बाकीची साधनं थोडक्यात सांगतो. 1960मध्ये पलाई सेंट्रल आणि लक्ष्मी या बँका बुडाल्यावर ठेवींचा विमा आला. 2020पासून त्याची मर्यादा पाच लाख आहे. 1991मध्ये देशाला सोनं गहाण ठेवावं लागलं, त्यानंतर आपण परकी चलनाचा साठा वाढवत नेला. चिली तांब्याच्या तेजीतला पैसा बाजूला ठेवतो, नॉर्वे तेलातला. 1972च्या दुष्काळात आपल्या राज्याने रोजगार हमीची कामं मोठ्या प्रमाणावर काढली, 1977मध्ये वि. स. पागे यांच्या या कल्पनेचा कायदा झाला, आणि काम मागण्याचा हक्क मिळाला.

पण कर्जाचं काय? व्यक्तीला न्यायालय आहे, कंपनीला 2016ची दिवाळखोरी संहिता आहे. देश बुडाला तर त्याचे हिशेब उघडणारं न्यायालय जगात कुठेच नाही. 2001मध्ये नाणेनिधीतून अशा यंत्रणेचा प्रस्ताव आला, 2003मध्ये तो बारगळला. 2022मध्ये श्रीलंकेने परदेशी कर्जफेड थांबवली, तेव्हा तिला एकेका धनकोच्या दारात जावं लागलं. गंगाजळी पहिला तडाखा सोसते, पण फुगलेलं मुद्दल तिने कमी होत नाही. नगरच्या शेतकऱ्याला 1879मध्ये मिळालेलं संरक्षण आज कर्जबाजारी देशांनाही मिळायला हवं, आणि ती मागणी जगापुढे ठेवण्याचा हक्क ज्या देशात हा कायदा झाला त्या आपल्या देशाला नक्कीच आहे.