सार्वजनिक भूखंड आणि न्यायालयाची नजर

चेन्नईहून कोलकात्याच्या लोहमार्गाने उत्तरेस निघाले, की आंध्रच्या सीमेच्या अलीकडे गुम्मिडिपूंडी हे स्थानक लागते. ‘सिपकॉट’ या तमिळनाडू शासनाच्या महामंडळाची मोठी औद्योगिक वसाहत येथे आहे. आपल्याकडील एमआयडीसी १९६२ साली स्थापन झाली, सिपकॉट १९७१ साली. दोहोंचे कार्य एकाच जातीचे: जमीन मिळवावयाची, रस्ते व पाणी आणावयाचे, भूखंड पाडावयाचे आणि ते उद्योजकांना दीर्घ मुदतीच्या भाडेपट्ट्याने द्यावयाचे.

वाचकहो, अशा वसाहतींतील पुष्कळशी जमीन एके काळी कोणाचे तरी शेत असते. सार्वजनिक प्रयोजनासाठी संपादन सुरू झाले, की ‘मला विकावयाची नाही’ असे म्हणून शेतकऱ्यास सुटता येत नाही. पुढे त्याच जमिनीचा तुकडा एखाद्या अधिकाऱ्याने मर्जीतल्या माणसास गुपचूप बहाल केला, तर नुकसान केवळ महामंडळाच्या तिजोरीचे होत नाही. ज्या कारणाने ती सक्ती न्याय्य ठरली, ते कारणच नाहीसे होते.

असे प्रकरण न्यायालयात गेले म्हणजे दोन निरनिराळे प्रश्न उभे राहतात, आणि वर्तमानपत्रे वाचताना आपण त्यांची नेहमी गल्लत करतो. व्यवहार टिकण्याजोगा आहे काय, हा पहिला. माणूस गुन्हेगार आहे काय, हा दुसरा.

पहिल्या प्रश्नाची कसोटी मुंबईच्या विमानतळावरील एका खटल्यात स्पष्ट झाली. वाद जमिनीचा नव्हता, उपाहारगृहाच्या कंत्राटाचा होता. निविदेत घातलेली अनुभवाची अट पूर्ण न करणाऱ्यास प्राधिकरणाने कंत्राट दिले होते. १९७९ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की सार्वजनिक संस्थेने स्वतः घातलेली अट तिला स्वतःलाही बांधून ठेवते. गंमत अशी, की तक्रारदारास तरीही काही मिळाले नाही. तो उशिरा आला होता, आणि तोवर कंत्राटदाराने बराच खर्च केला होता.

हीच कसोटी २०११ साली जमिनीस लागली. कोलकात्याजवळील सॉल्ट लेक येथे शाळेसाठी एक मोठा भूखंड २००९ मध्ये क्रिकेटपटू सौरव गांगुली यांना जाहिरात न देता दिला गेला होता. सर्वोच्च न्यायालयाने ते वाटप रद्द केले. शाळा काढणे हे काही वाईट काम नव्हे. पण इतरांना अर्ज करण्याची संधीच मिळाली नव्हती. येथे कोणास गुन्हेगार ठरविण्याची आवश्यकताही पडली नाही.

दुसऱ्या प्रश्नाची वाट अधिक बिकट आहे. चेन्नईच्या गिंडी भागात ‘टान्सी’ या लघुउद्योग महामंडळाची जमीन होती. १९९२ साली ती जया पब्लिकेशन्स या संस्थेने विकत घेतली, आणि त्या वेळच्या मुख्यमंत्री जयललिता या संस्थेच्या भागीदार होत्या. विशेष न्यायालयाने २००० साली त्यांना कारावासाची शिक्षा दिली, उच्च न्यायालयाने २००१ साली निर्दोष ठरविले, आणि २००३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती मुक्तता कायम केली. शासकीय मालमत्ता मंत्र्याने घेऊ नये असे आचारसंहितेत होते खरे, पण आचारसंहिता म्हणजे कायदा नव्हे; आणि नोंदणीसाठी ठरविलेला मार्गदर्शक दर हा बाजारभावाचा निर्णायक पुरावाही नव्हे. मात्र निर्दोष ठरविताना न्यायालयाने जमीन परत करून प्रायश्चित्त घ्यावे, असेही सुचविले. सुटका आणि प्रायश्चित्त एकाच निकालपत्रात! प्रस्तुत लेखकास हा विरोधाभास वाटत नाही. शिक्षेसाठी कायद्याचे नेमके कलम लागते; औचित्याची कक्षा त्याहून मोठी आहे.

आपल्या गावाजवळ असे वाटप होत असेल, तर मुंबईच्या त्या तक्रारदाराचा उशीर आठवावा. २००५ च्या माहितीच्या अधिकाराच्या कायद्यान्वये कोणाही नागरिकास साध्या अर्जाने विचारता येते: जाहिरात कधी निघाली, अर्ज किती आले, दर कोणी व कसा ठरविला, निवडीचे कारण टिपणीत लिहिले आहे काय. अर्ज संबंधित कार्यालयाच्या जनमाहिती अधिकाऱ्याच्या नावे करावयाचा असतो, आणि उत्तराची सर्वसाधारण मुदत ३० दिवसांची आहे.