कंपनीच्या शेजारी मोठा झालेला शेठ

आमच्या हिंजवडीत कुणालाही विचारा, ‘काय करता?’ उत्तर ठरलेले: ‘कंपनीत आहे.’ दोनशे वर्षांपूर्वीच्या मुंबईत मात्र कंपनी एकच होती, ईस्ट इंडिया कंपनी. तिची चाकरी न करता, पण तिच्याच राज्यात मोठे झालेले व्यापारी होते. १८५७ च्या आधी ते कसे जगत होते, याचे मला नेहमीच कुतूहल वाटत आले आहे. त्यासाठी नाना शंकरशेटांकडे पाहावे.

मुरबाडचे हे दैवज्ञ घराणे. नानांचा जन्म १८०३ चा. १८२२ मध्ये वडील गेले आणि एवढा मोठा व्यवहार विशीही न गाठलेल्या मुलाच्या हाती आला. पेढी चालते ती शब्दावर. अरब आणि अफगाण व्यापारी आपला ऐवज बँकेत न ठेवता नानांकडे ठेवीत, यातच सगळे आले! (जमशेटजी जिजीभॉय यांची श्रीमंती मुख्यतः चीनच्या अफूची. त्या काळच्या दानधर्माचे कौतुक करताना हेही लक्षात ठेवलेले बरे.)

नानांनी पैसा शिक्षणात घातला. मुलींच्या शाळेला स्वतःच्या वाड्यात जागा दिली. रेल्वे कंपनीच्या उभारणीत ते होते. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी सुटली. पण त्याआधीच, १८५२ मध्ये, बॉम्बे असोसिएशन स्थापण्यात त्यांनी पुढाकार घेतला होता. या संस्थेने कंपनीच्या कारभाराबद्दलची गाऱ्हाणी थेट ब्रिटिश पार्लमेंटपुढे मांडली. म्हणजे गव्हर्नरच्या मेजवानीलाही जायचे आणि त्याच्या राज्यातले दोषही दाखवायचे. ही कसरत सोपी नव्हती.

मग १८५७ उजाडले. मुंबईचा पोलीस अधिकारी फोर्जेट वेषांतर करून शहरात फिरू लागला. १५ ऑक्टोबरला दोन शिपायांना एस्प्लनेडच्या मैदानावर तोफेच्या तोंडी दिले. त्याच दिवसांत नानांचे बंडवाल्यांशी संधान असल्याचा बोभाटा झाला. चौकशी झाली, पुरावा मिळाला नाही. परके व्यापारी ज्याच्या शब्दावर ऐवज ठेवीत, त्याचा शब्द सरकारला पुरेसा वाटला नाही.

पुढे त्याच सरकारने त्यांना मुंबईच्या कायदेमंडळावर नेमले, आणि नानांनी ते पद स्वीकारले. ३१ जुलै १८६५ रोजी ते वारले. अमेरिकेतले यादवी युद्ध त्याच वर्षी संपले होते, कापसाचे भाव कोसळले होते आणि मुंबईत एकामागून एक पेढ्या बुडत होत्या.